पोटाचे माप

बिस्किटाच्या पुड्यावर छापलेली कॅलरी आणि शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकातली कॅलरी यांच्यात हजारपटीचे अंतर आहे. पुस्तकातली कॅलरी एक ग्रॅम पाण्याचे तापमान एका अंशाने वाढवते, पुड्यावरची एक किलो पाण्याचे. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ बर्तलो यांनी १८७९ मध्ये यावर तोडगा सुचवला होता: मोठे माप असेल तर शब्दाचे पहिले अक्षर मोठे लिहावे. देवनागरीत मोठी-लहान अक्षरे नाहीत, म्हणून मराठीत ती सोय झाली नाही, आणि ‘किलोकॅलरी’ हा नेमका शब्द आहारशास्त्राच्या तक्त्यांपुरताच राहिला. त्यावाचून कुणाचे फारसे अडलेही नाही. संदर्भावरून कळायचे ते कळते. अडते ते दुसऱ्या एका फरकापाशी. प्रयोगशाळेतली कॅलरी एखादी गोष्ट किती उष्णता देते एवढेच सांगते. सरकारी अहवालातली, मजुरीच्या करारातली, दारिद्र्यरेषेच्या आकडेमोडीतली कॅलरी माणसाला किती पुरेसे आहे हे सांगू पाहते. पहिले मोजता येते. दुसरे ठरवावे लागते. आपल्याकडे गेली दीडशे वर्षे जे ठरवले गेले ते मोजल्यासारखे मांडले गेले, आणि ज्यांच्या पोटाचा हा हिशेब होता त्यांना तो ठरवण्यात क्वचितच वाटा मिळाला, असे माझे म्हणणे आहे. या हिशेबाचे काही महत्त्वाचे टप्पे मुंबई-पुण्यातच घडले, म्हणून तो इतिहास मराठी वाचकाने जवळून पाहण्यासारखा आहे.

या मापाचा जन्म स्वयंपाकघराशी संबंधित नव्हता. पॅरिसमध्ये निकोला क्लेमाँ हे १८१९ ते १८२४ या काळात वाफेच्या यंत्रांवर व्याख्याने देत, तेव्हा इंधनातून मिळणाऱ्या उष्णतेसाठी त्यांनी कॅलरी हे एकक वापरले. यंत्रात किती कोळसा घातला आणि किती काम निघाले, हा कारखानदाराचा प्रश्न होता. पुढे जर्मनीत फॉइट आणि रुब्नर या शरीरक्रियाशास्त्रज्ञांनी तोच प्रश्न जिवंत शरीराला लावला, आणि अमेरिकेत विल्बर अ‍ॅटवॉटर यांनी तो मजुराच्या ताटापर्यंत आणला. कनेटिकट राज्यातल्या मिडलटाउन इथे १८९०च्या दशकात त्यांनी माणूस आत राहू शकेल अशी एक बंद खोली बांधली. सुमारे सात फूट लांब, चार फूट रुंद. आतून तांब्याचा पत्रा, त्याबाहेर जस्ताचा, त्याबाहेर लाकूड. आत घडीची खाट, खुर्ची, टेबल, आणि काही प्रयोगांत एका जागी उभी केलेली सायकल. नळ्यांतून फिरणारे पाणी माणसाच्या अंगची उष्णता वाहून नेई आणि ते किती तापले यावरून ती मोजली जाई. भिंतीतल्या झडपेतून अन्न तोलून आत जाई, मलमूत्र तोलून बाहेर येई. असे दिवसचे दिवस चालल्यावर दिसले की आत गेलेली आणि बाहेर पडलेली ऊर्जा जवळपास तंतोतंत जुळते. कर्बोदके आणि प्रथिने यांच्या ग्रॅमला चार, स्निग्धांशाला नऊ, हे आजही वापरात असलेले आकडे अ‍ॅटवॉटर यांच्याच कामातून आले. हे विज्ञान अस्सल आहे आणि त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. मात्र अ‍ॅटवॉटर यांना त्यातून काय साधायचे होते तेही पाहावे लागते. कामगाराने महागडे मांस सोडून स्वस्त पिठाकडे आणि कडधान्याकडे वळावे, म्हणजे आहे त्या मजुरीत त्याचे भागेल, असा त्यांचा आग्रह होता. मजुरी किती असावी हा प्रश्न बाजूला राहून मजुराने काय खावे हा प्रश्न पुढे आला. मापाबरोबर हा कलही जगभर पसरला.

आपल्याकडे कॅलरी पोचण्याआधीच ‘किती पुरे’ हा वाद पेटला होता. दादाभाई नौरोजी यांनी १८७६ मध्ये मुंबईत ‘पॉव्हर्टी ऑफ इंडिया’ हा निबंध वाचला. त्यात त्यांनी माणशी वार्षिक उत्पन्न २० रुपयांच्या आसपास धरले आणि त्यासमोर दोन खर्च ठेवले: परदेशी जाणाऱ्या गिरमिटिया मजुरांना सरकारी वैद्यकीय अधिकाऱ्याने ठरवून दिलेल्या शिध्याचा, आणि तुरुंगातल्या कैद्यांवर होणाऱ्या अन्न-वस्त्राचा. सरासरी उत्पन्न त्या खर्चाला पुरत नव्हते. या मांडणीतली ताकद अशी की दादाभाईंनी स्वतःचा कोणताही निकष आणला नाही. सरकारने आपल्याच बंदिवानासाठी जे किमान मानले तेच सरकारपुढे ठेवले. पुढच्याच वर्षी दख्खनच्या दुष्काळात याची उलटी बाजू दिसली. दोन-तीन वर्षांपूर्वी बिहारच्या दुष्काळात जास्त पैसा उधळला म्हणून टीका झालेले सर रिचर्ड टेंपल १८७७ च्या जानेवारीत दुष्काळ-प्रतिनिधी म्हणून दक्षिणेत आले आणि दुष्काळी कामावरच्या मजुरासाठी दिवसाला एक पौंड धान्य आणि वर जेमतेम काही पैसे असा दर ठरला. आजच्या तक्त्याने पाहिले तर पौंडभर ज्वारीत सुमारे १,६०० कॅलरी भरतात, आणि तेवढ्यावर दिवसभर खडी फोडायची आणि माती वाहायची. मद्रासचे आरोग्य आयुक्त कॉर्निश यांनी, काम करणाऱ्या माणसाला एवढ्यात जगता येत नाही, असे साधार लिहून कळवले. मुंबई इलाख्यात हजारो मजुरांनी मजुरीतली कपात नाकारून कामे सोडली, आणि गणेश वासुदेव जोशी यांच्या पुढाकाराने चाललेल्या पुण्याच्या सार्वजनिक सभेने जिल्ह्याजिल्ह्यांतून माहिती गोळा करून सरकारकडे अर्जांमागून अर्ज केले. एक पौंड पुरतो की नाही हे तेव्हा कुणी उष्णतामापक खोलीत तपासले नव्हते. तो आकडा खजिन्याकडे पाहून ठरला होता, आणि तो चुकला हे सांगायला मजुरांची कृशता पुरेशी होती.

निळगिरीतल्या कुन्नूरच्या पोषण संशोधन प्रयोगशाळेतून कॅलरी खऱ्या अर्थाने भारतात रुळली. वॉलेस आयक्रॉइड १९३५ मध्ये तिचे संचालक झाले आणि १९३७ मध्ये भारतीय खाद्यपदार्थांच्या पोषणमूल्यांची त्यांची पुस्तिका निघाली. ज्वारी, बाजरी, नाचणी, तूर, हरभरा यांचे मोल प्रथमच सर्वांना वापरता येईल अशा एका तक्त्यात आले. त्यानंतर दहा वर्षांत या आकड्यांनी राजकारणात प्रवेश केला. काँग्रेसने १९३८ मध्ये नेमलेल्या राष्ट्रीय नियोजन समितीने प्रौढ कामगारासाठी २,४०० ते २,८०० कॅलरी धरल्या. १९४४ च्या मुंबई योजनेत टाटा-बिर्लांसारख्या उद्योगपतींनी माणशी २,८०० कॅलरी, वर्षाला ३० वार कापड आणि १०० चौरस फूट घर असे लक्ष्य लिहिले. मग १९५७ मध्ये पंधराव्या भारतीय श्रम परिषदेत सरकार, मालक आणि कामगार संघटना यांनी मिळून ‘गरजेवर आधारित किमान वेतन’ ठरवण्याची पद्धत मान्य केली: कुटुंबात तीन उपभोग-एकके (म्हणजे तीन प्रौढांइतकी गरज), प्रत्येकाला आयक्रॉइड यांच्या शिफारशीप्रमाणे २,७०० कॅलरी, माणशी १८ वार कापड, घरभाडे, आणि इंधन-दिवाबत्ती वगैरेंसाठी २० टक्के. सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये त्यात शिक्षण, औषधोपचार, सणवार, म्हातारपण यांसाठी आणखी २५ टक्के जोडले. कॅलरीवर सरसकट टीका करणाऱ्यांनी हा टप्पा विसरू नये. इथे हे माप मजुराच्या हातात आले होते. गिरणी कामगारांच्या संघटनेला मालकासमोर बसून ‘पोट भरत नाही’ एवढेच म्हणण्याऐवजी एक आकडा ठेवता येत होता, आणि त्या आकड्याच्या खाली जाण्याचे कारण देण्याची जबाबदारी मालकावर येत होती. दादाभाईंनी कैद्याच्या शिध्याचे जे केले तेच हे, फक्त सरकारी तुरुंगाच्या जागी विज्ञानाचा आधार.

हेच माप वेतनाच्या टेबलावरून दारिद्र्याच्या मोजणीकडे गेले तेव्हा त्याचे काम बदलले. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतले वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांचा ‘भारतातील दारिद्र्य’ हा अभ्यास १९७१ च्या जानेवारीत ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’च्या दोन अंकांत प्रसिद्ध झाला. त्यांनी माणशी दिवसाला २,२५० कॅलरी हा निकष धरला. ही रेषा कशी निघते ते पाहण्यासारखे आहे. राष्ट्रीय नमुना पाहणीचा माणूस घरी येतो आणि गेल्या तीस दिवसांत घरात काय काय लागले ते विचारतो: ज्वारी किती किलो, तेल किती, गूळ किती, शेतातले किती, विकतचे किती. त्या वजनांना तक्त्यातल्या कॅलरींनी गुणायचे, १०० ग्रॅम ज्वारीला ३४९ याप्रमाणे. बेरजेला दिवसांनी आणि घरातल्या माणसांनी भागायचे. मग खर्चाप्रमाणे घरांचे गट पाडायचे आणि कोणत्या गटाची सरासरी २,२५० ला पोचते ते शोधायचे. तो गट जेवढा खर्च करतो ती रेषा. १९६०-६१ च्या किमतींना ती ग्रामीण भागात महिन्याला माणशी १५ रुपये आणि शहरी भागात साडेबावीस रुपये आली. ग्रामीण लोकसंख्येचे सुमारे ४० टक्के आणि शहरी लोकसंख्येचे सुमारे ५० टक्के लोक तिच्याखाली निघाले. स्वातंत्र्याला तेवीस वर्षे झाली असताना हा आकडा देशासमोर ठेवणे ही धैर्याची गोष्ट होती, आणि दारिद्र्य हा चर्चेचा मुख्य विषय होण्यात या अभ्यासाचा मोठा वाटा आहे. पण या हिशेबात कुणाच्याही शरीराचे मोजमाप नाही हे नीट ध्यानात घेतले पाहिजे. घरात किती धान्य आले ते कळते. ते कुणाच्या ताटात किती पडले, शेवटी बसणाऱ्या बाईला किती उरले, खाल्लेले हगवणीत किती गेले, यातले काही कळत नाही. अ‍ॅटवॉटर यांच्या खोलीत अन्न तोलून जात होते. इथे एका महिन्याच्या आठवणीला सरासरीने भागले जाते. दोन्हीकडे शब्द एकच असल्यामुळे पहिल्याची अचूकता दुसऱ्याला आपोआप चिकटली.

नियोजन आयोगाच्या कार्यगटाने १९७९ मध्ये निकष बदलून ग्रामीण भागासाठी २,४०० आणि शहरी भागासाठी २,१०० केला, आणि १९७३-७४ च्या किमतींना महिन्याला माणशी ४९.०९ आणि ५६.६४ रुपये अशा रेषा काढल्या. त्यानंतर जे झाले ते मला सगळ्यात गंभीर वाटते. पुढची तीस वर्षे दर पाहणीला कॅलरींचा हिशेब नव्याने झालाच नाही. त्या दोन रकमाच महागाईच्या निर्देशांकाने फुगवत नेल्या. दरम्यान लाकूडफाटा, पाणी, शाळा, दवाखाना, एसटीचे तिकीट यांवरचा खर्च वाढत गेला, आणि रेषेवरच्या कुटुंबाच्या हाती अन्नासाठी उरणारा पैसा घटला. २००४-०५ पर्यंत ग्रामीण रेषेवरच्या माणसाचा आहार २,००० कॅलरींच्याही खाली आला होता. तरी पाठ्यपुस्तकांत, स्पर्धा परीक्षांच्या मार्गदर्शिकांत आणि विधिमंडळातल्या उत्तरांत दारिद्र्यरेषा म्हणजे २,४०० कॅलरी ही व्याख्या चालूच राहिली. रेशनकार्डाचा रंग ज्या यादीवरून ठरायचा तिच्या मागे कॅलरीचे नाव होते, कॅलरी नव्हती.

कॅलरीच्या या निकषावर सर्वांत वजनदार आक्षेप पुण्यातूनच आला. पांडुरंग वासुदेव सुखात्मे हे सातारा जिल्ह्यातल्या बुधचे. जागतिक अन्न व कृषी संघटनेत दोन दशके सांख्यिकी विभागाचे प्रमुख, आणि निवृत्तीनंतर पुण्यात स्थायिक. त्यांचे म्हणणे असे: एकाच निरोगी माणसाची रोजची ऊर्जेची गरज स्थिर नसते, शरीर मिळेल त्याप्रमाणे आपला खर्च काही मर्यादेत सावरून घेते. म्हणून सरासरीपेक्षा कमी खाणारा प्रत्येक जण उपाशी आहे असे मानणे ही सांख्यिकीय चूक आहे; सरासरीच्या बरेच खाली, नेमके सांगायचे तर दोन प्रमाण विचलनांइतके खाली, कुपोषणाची रेषा असायला हवी. तसे केले की उपाशी माणसांची संख्या एकदम घटते. दांडेकरांनी १९८१ मध्ये ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’तूनच सविस्तर प्रतिवाद केला आणि एकाच शहरातल्या दोन मोठ्या संख्याशास्त्रज्ञांचा हा वाद देशभर गाजला. सुखात्मे यांना गरिबांबद्दल आस्था नव्हती असे म्हणणे अन्यायाचे होईल. स्वच्छ पाणी आणि संडास नसतील तर खाल्लेले अंगी लागत नाही, म्हणून अन्नाइतकाच त्यावर पैसा खर्च करा, हे ते सतत सांगत होते आणि त्यात ते काळाच्या पुढे होते. त्यांच्या मूळ निरीक्षणातही तथ्य आहे. पण शरीर सावरून घेते तेव्हा ते कशाच्या मोबदल्यात, हा प्रश्न त्या गणितात बसत नाही. पोषणतज्ज्ञ सी. गोपालन यांनी तो लावून धरला: मुलाची उंची खुंटते, मोठा माणूस हालचाल कमी करतो, बाई घरी आल्यावर पडून राहते, ऊर्जेचा ताळेबंद जुळतो, पण तो जगणे आखडून जुळवलेला असतो. रोजगार हमीच्या कामावर ठरीव खडी फोडल्याशिवाय पूर्ण मजुरी मिळत नसेल, तर ‘हालचाल कमी करून भागवणे’ याचा अर्थ मजुरी गमावणे असा होतो. १९७२ च्या दुष्काळात कामावरच्या माणसांना सुकडी वाटली गेली ती याच साध्या जाणिवेतून. म्हणूनच सुखात्मे यांचा सिद्धांत एका शरीराच्या अभ्यासासाठी मला मान्य आहे आणि कुणाला मदत द्यायची हे ठरवण्यासाठी मान्य नाही.

दुसरा आक्षेप अलीकडचा. अँगस डीटन आणि जाँ द्रेझ या अर्थतज्ज्ञांनी २००९ मध्ये दाखवले की ग्रामीण भारतात माणशी कॅलरी १९८३ मध्ये २,२४० होत्या त्या २००४-०५ मध्ये २,०४७ वर आल्या, आणि याच काळात खर्च करण्याची ताकद वाढली होती. कॅलरीचा निकष थेट लावला तर देशातली तीन-चतुर्थांशाहून अधिक माणसे त्याच्याखाली जातात. मग हे मापच टाकून द्यावे का? सुरेश तेंडुलकर समितीने २००९ मध्ये साधारण तेच केले. कॅलरीशी असलेला दुवा तोडला आणि नवीन रेषेवर शहरी माणसाला मिळणाऱ्या १,७७६ कॅलरी जागतिक अन्न व कृषी संघटनेच्या १,८०० च्या जवळ आहेत एवढे नोंदवले. पिठाच्या गिरण्या, पंप, ट्रॅक्टर, सायकलीऐवजी मोटारसायकल यांमुळे श्रम हलके झाले आणि भूक कमी झाली, हे स्पष्टीकरण काही अंशी पटण्याजोगे आहे. जात्यावर बसणाऱ्या बाईची गरज आणि चक्कीवर डबा पाठवणाऱ्या बाईची गरज एक नाही. मात्र सगळ्यांचेच श्रम हलके झालेले नाहीत. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या २०२० च्या तक्त्यात बैठे काम करणाऱ्या स्त्रीला १,६६० आणि जड काम करणाऱ्या स्त्रीला २,७२० कॅलरी लागतात; पुरुषाला २,११० आणि ३,४७०. बीडहून कारखान्याच्या पट्ट्यात जाऊन पहाटेपासून ऊस तोडणारी आणि डोक्यावर मोळ्या वाहून ट्रॉलीत चढवणारी बाई या तक्त्याच्या शेवटच्या ओळीत बसते. सरासरी घसरली याचा अर्थ तिची गरज घसरली असा होत नाही. मुले आणि म्हातारे धरून काढलेली सरासरी तिच्या गरजेहून कमी असणारच, हे मला मान्य आहे; पण तोडणीच्या हंगामात नवरा-बायकोच्या जोडीची ‘कोयता’ म्हणून एकत्र उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, ठरते आणि हिशेब उसाच्या टनावर होतो, तिथे तिच्या वाट्याच्या हजार जास्तीच्या कॅलरींची नोंद कुठेच होत नाही.

रंगराजन समितीने २०१४ मध्ये कॅलरी परत आणली, ग्रामीण २,१५५ आणि शहरी २,०९०, आणि सोबत प्रथिने व स्निग्धांशही जोडले. मग राष्ट्रीय किमान वेतनासाठी नेमलेल्या अनुप सत्पथी समितीने २०१९ मध्ये १९५७ चे २,७०० उतरवून २,४०० केले, कारण अंगमेहनत कमी झाली. कामगार संघटनांनी यावर आवाज उठवला, आणि वरवर पाहता ही कपातच दिसते. पण त्याच समितीने कुटुंबाची उपभोग-एकके ३ वरून ३.६ केली, म्हणजे कुटुंबाचा दिवसाचा हिशेब ८,१०० वरून ८,६४० कॅलरींवर गेला. वाद ज्या आकड्यावर झाला तो उतरला आणि ज्याच्यावर कुणी बोलले नाही त्या गुणकाने पारडे फिरवले. एका प्रौढाला किती आणि घरात किती प्रौढ मोजायचे, हे दोन्ही निर्णय आहेत. दोन्हींची चर्चा ग्रामसभेत आणि कामगार मंडळात व्हायला हवी, तज्ज्ञांच्या परिशिष्टात नव्हे. वेतन संहितेच्या २०२० च्या मसुदा नियमांत पुन्हा तीन एकके आणि २,७०० कॅलरी होत्या, म्हणजे ८,१००. ऊसतोडीच्या उचलीचा आणि बांधकाम मजुरीचा करार करायला बसणाऱ्यांनी यापुढे ३.६ ने गुणून दाखवण्याची मागणी धरावी, आणि जड कामाच्या ओळीतला आकडा घेऊनच धरावी.